रानडुकरानं पाहिलेली राजधानी

एका जंगलात दोन रानडुकरं राहत होती. भाऊ-भाऊ. आता एकच राहतं. गोष्ट त्या एकाची आहे, म्हणून मुलांनो, दुसरा कुठं गेला असं सारखं विचारू नका.

मोठ्याचं नाव हिरामण. धाकट्याचं गेनू.

हिरामण सगळीकडं आधी जायचा. नवा ओढा लागला की आधी हिरामण उतरायचा. अनोळखी अळंबी दिसली की आधी हिरामण चाखायचा. मग अख्खं अंग मागं वळवून म्हणायचा, "ये रे." नाहीतर म्हणायचा, "नको रे, कडू आहे."

अख्खं अंग वळवायचं कारण, रानडुकराला मान वळवता येत नाही. मानच नसते म्हणा ना. डोकं संपलं की लगेच खांदे सुरू. हे नीट लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे.

गेनूला काही सुचलं की तो डोकं खाली घालून पळत सुटायचा आणि विचार नंतर करायचा. शाळेत तो एकदाच गेला. दारातून आत शिरला आणि समोरच्या भिंतीतून बाहेर पडला. ससेगुरुजी म्हणाले, याचं शिक्षण पूर्ण झालं.

जंगलाच्या कडेनं नदी होती. नदीतून एक मोठं जहाज जायचं. जहाजावर पताका, वाजंत्री, आणि बाजूला रंगवलेली पाटी: 'दोन दिवस नौकाविहार. उतरल्यावर एका दिवसात अख्खी राजधानी. गाईड सोबत.'

हिरामणला ती राजधानी बघायची होती. कशासाठी, ते त्यालाही सांगता यायचं नाही. थंडीभर रताळी उकरून त्यानं जहाजाच्या स्वयंपाकघरात पोचवली आणि बदल्यात तिकीट आणलं. एकच.

"आणि मी?" गेनू म्हणाला.

"मी आधी बघून येतो. चांगलं असलं तर तुला नेईन."

"आणि नसलं तर?"

"तर तुझी खेप वाचली."

मग हिरामणला ताप आला. मग ताप गेला. त्याच्याबरोबर हिरामणही गेला. आधी जायची सवयच होती त्याला.

दहाव्याला सगळं जंगल नदीकाठी जमलं. भटजी म्हणून बगळा होता. बगळ्याचं ध्यान सगळ्यांना ठाऊक असल्यामुळं मासे तेवढे आले नव्हते.

आईनं भाताचा पिंड पानावर ठेवला. जांभळीवर कावळे येऊन बसले.

आता रीत अशी आहे, की कावळा पिंडाला शिवला म्हणजे गेलेल्याचं काही राहिलं नाही. नाही शिवला, तर काहीतरी राहिलंय. आणि कावळा शिवल्याशिवाय कोणाला जेवता येत नाही. त्यामुळं दहाव्याला लोक कावळ्याकडं जेवढ्या भक्तीनं बघतात, तेवढं देवाकडंही बघत नाहीत.

कावळे शिवेनात.

"हिरामण, तुझ्या आईला आम्ही बघू," चुलते म्हणाले. कावळे हलले नाहीत.

"तुझ्या रताळ्याच्या पट्टीवर आम्ही कोणी डोळा ठेवणार नाही," कोल्हा म्हणाला. तेव्हा त्याचा एक डोळा तिकडंच होता. कावळे हलले नाहीत.

"गेनूचं लग्न करून देऊ!" मागून कोणीतरी ओरडलं. एका कावळ्यानं तोंड फिरवलं.

ऊन चढलं. अस्वलाच्या पोटात ढगासारखं गडगडू लागलं. बगळ्यानं घसा साफ केला.

"दर्भाचा कावळा करतो आणि शिववतो. शास्त्रात सोय आहे."

त्यानं गवताचा कावळा वळला आणि चोचीत धरून पिंडाकडं नेला. गेनूनं डोकं खाली घातलं. पुढच्या क्षणी गवताचा कावळा, पाट, तांब्या आणि बगळा असे सगळे नदीत होते.

"खराच शिवला पाहिजे!" गेनू ओरडला.

"मग बसा," पंख झटकत बगळा म्हणाला. "बसा खऱ्याची वाट बघत. मी निघालो."

सगळेच निघाले. जेवायला.

आई पानाशेजारी बसून राहिली. बऱ्याच वेळानं म्हणाली, "त्याचं शहर राहिलं रे."

"मग मी बघून येतो," गेनू म्हणाला. "बघून झालं की शिवेल. कसा शिवत नाही ते बघतो."

जहाज आलं त्या दिवशी आईनं नवा पिंड केला आणि पळसाच्या पानात बांधून त्याच्याकडं दिला.

"वाटेत खाऊ नकोस."

"आई!"

"मी ओळखते तुला."

जहाजाच्या फळीवर कासव तिकिटं बघत होतं. त्यानं तिकीट उलटं केलं, सुलटं केलं.

"हिरामण कोण?"

"मीच," गेनू म्हणाला. विचार त्यानं नंतर केला. तोवर जहाज सुटलं होतं.

दोन दिवस गेनू जहाजाच्या टोकाला बसून होता. वाढलेलं सगळं त्यानं खाल्लं. शेजारच्या ताटातलंही खाल्लं. पळसाच्या पानाला मात्र हात लावला नाही. भाताचा वास सुटला की तो तोंड वाऱ्याकडं करायचा. रानडुकरानं दोन दिवस भात जवळ बाळगून खाल्ला नाही, मुलांनो, हे तुम्हाला साधं वाटत असेल, तर तुम्ही रानडुक्कर पाहिलेलं नाही.

राजधानी आली. सगळे उतरले. धक्क्यावर गाईड उभा होता. शेपटीला लाल झेंडी बांधलेली, छाती पुढं काढलेली.

गाईड कावळा होता.

गेनू गर्दीतून वाट काढत थेट त्याच्यापुढं जाऊन उभा राहिला.

"नमस्कार मंडळी! मी आपला गाईड, एकाक्ष," कावळा म्हणाला. "माझी झेंडी दिसेल तिकडं यायचं. झेंडी दिसेनाशी झाली तर शहर बघत बसू नका. आधी झेंडी शोधा."

गेनूनं तिथंच, धक्क्यावरच पान सोडलं आणि पिंड त्याच्यापुढं सरकवला.

"शिवा."

"काय?"

"शिवा ना याला. माझा भाऊ गेला. शहर बघायचं राहिलं त्याचं."

"वाईट झालं," एकाक्ष म्हणाला. "पण ड्यूटीवर असताना आम्ही प्रवाशांकडून खाणं घेत नाही. नियम आहे."

"मग दुसरा कावळा दाखवा."

"शहरात शिवणारे कावळे राहिलेत कुठं? सगळे गाईड झाले. अगदीच अडलं असेल तर कबुतरं आहेत. ती कशालाही शिवतात."

गेनूनं कबुतरांकडं पाहिलं. ती पिंडाकडंच चालत येत होती. त्यानं घाईनं पान बांधलं. आणि स्वतःला समजावलं, की अजून शहर कुठं बघून झालंय? बघून झालं की शिवेल.

मग एकाक्षनं हजेरी घेतली. एकेक नाव घेत तो गेनूशी आला.

"हिरामण!"

गेनूच्या पाठीवरचे केस उभे राहिले.

घरी हे नाव आता कोणी घेत नव्हतं. लोक 'तो' म्हणायचे, 'गेलेला' म्हणायचे, 'तुझा भाऊ' म्हणायचे. नाव आलं की मध्येच आवंढा गिळायचे. आणि इथं एक परका कावळा शेपटीला झेंडी बांधून भर धक्क्यावर मोठ्यानं म्हणत होता, हिरामण.

"हिरामण आहेत का?"

"आहे," गेनू म्हणाला. "आहे, आहे."

शहर हत्तीवरून बघायचं होतं. हत्तीच्या पाठीवर बाकं बांधली होती, सगळ्यांची तोंडं पुढं. गेनूला अगदी पुढच्या बाकावर, मधोमध जागा मिळाली. शेजारी एक वयस्कर माकडीण होती. सगळे तिला माकडीणमावशी म्हणत. तिच्या मांडीवर स्टीलचा डबा होता. गळ्यात मोबाईल होता. आतापर्यंतच्या सगळ्या सहलींची नावं तिला तोंडपाठ होती.

हत्ती निघाला.

"उजवीकडं बघा!" एकाक्ष ओरडला. "सिंहमहाराजांचा राजवाडा! महाराज आत आहेत, किंवा नाहीत."

सगळ्यांच्या माना उजवीकडं वळल्या. गेनू अख्खं अंग वळवू लागला. त्याचं ढुंगण मावशीच्या डब्यावर आदळलं.

"अहो, ढकलता काय?"

"राजवाडा बघतोय."

"मग बघा की डोळ्यांनी!"

तो अर्धा वळला तोवर एकाक्ष ओरडला, "डावीकडं बघा! जुनं न्यायालय! इथं पूर्वी हरणांना न्याय मिळत असे. आता ते वस्तुसंग्रहालय आहे."

गेनू परत फिरला. पलीकडं बसलेला मोर पडता पडता राहिला.

"मागं बघा! जगातला सगळ्यात उंच सिंहाचा पुतळा! शेपूट अजून व्हायची आहे."

"अहो, त्यांना कोणीतरी बांधा," मोर म्हणाला.

गेनू मग सरळ बसला. समोर हत्तीचं डोकं होतं. दोन्ही बाजूंना दोन कान, मध्ये टाळू, टाळूवर चार केस. एक माशी येऊन बसली. कान हलला. माशी उठली. परत बसली.

गेनूनं ते सगळं मन लावून पाहिलं. दादाच्या वतीनं पाहत होता ना.

पहिल्यांदा हत्ती थांबला तो एका झाडाशी. झाडाभोवती कुंपण होतं.

"इथं पूर्वी जंगल होतं," एकाक्ष म्हणाला. "त्याची आठवण म्हणून हे झाड ठेवलं आहे. हात लावू नये."

सगळे झाडाकडं पाठ करून उभे राहिले आणि मोबाईलमध्ये बघून हसले. मोरानं पिसारा फुलवला, त्यामुळं फोटोत झाड आलं नाही. मग एकाक्षनं सगळ्यांना परत बोलावलं आणि हजेरी घेतली.

"हिरामण!"

गेनू कुंपणामागं उभा होता. त्यानं उत्तर दिलं नाही.

"हिरामण! अहो हिरामण!"

रस्त्यावरची जनावरं वळून बघू लागली. गेनूनं डोळे मिटले. कान मात्र ताठ उघडे ठेवले.

"हि-रा-मण!"

तेव्हा तो बाहेर आला.

"कुठं होतात?"

"इथंच."

"एका हाकेत येत जा हो. बाकीच्यांचा खोळंबा होतो."

"बरं," गेनू म्हणाला. पुढच्या थांब्यावरही तो तिसऱ्या हाकेलाच आला.

तो पुढचा थांबा म्हणजे एक दुकान होतं. बाकी शहर पळत दाखवणारा एकाक्ष इथं निवांत बसला. दुकानात मध होता, मोरपिसं होती, आणि वाघनखं होती. वाघनखं अस्सल, वाघानं स्वतः कापून दिलेली, असं दुकानदार मांजर शपथेवर सांगत होतं.

गेनू एकाक्षकडं गेला. "शहर कधी दाखवणार?"

"हेच शहर," एकाक्ष म्हणाला. "बाकीचं वाटेत होतं."

गेनू पायरीवर येऊन बसला. मावशीही डबा घेऊन शेजारी टेकली.

"मघापासून बघतेय," ती म्हणाली. "त्या पानात काय आहे हो हिरामणराव?"

"हिरामणचा पिंड आहे."

मावशीनं त्याच्याकडं नीट पाहिलं. मग पानाकडं पाहिलं. मग डब्याचं झाकण उगाच घट्ट केलं.

"भाऊ?"

"मोठा. त्याचं शहर राहिलं, म्हणून कावळा शिवला नाही. मी बघायला आलो त्याच्याकरता."

"आमच्या ह्यांचा समुद्र राहिला होता," मावशी म्हणाली.

"मग?"

"मग मी जाऊन बघून आले. शिवला नाही. म्हटलं, डोंगर राहिला असेल. डोंगर बघून आले. मग देवळं, किल्ले, धबधबे. आता राजधानी. दरवेळी डब्यातून दहीभात आणते. दरवेळी कावळ्यापुढं ठेवते आणि ह्यांना सांगते, अहो, फार फार सुंदर होतं, तुम्ही हवे होतात."

"तरी शिवत नाही?"

"नाही बाई."

दुकानातून मोराचा आवाज येत होता. तो मोरपिसांचा भाव करत होता.

"राजवाडा कसा होता?" गेनूनं विचारलं.

"छान होता," मावशी म्हणाली. "मला मोबाईलच्या आडून नीट दिसला नाही. पण छान असणार."

उन्हं कलली तेव्हा हत्ती परत धक्क्यावर आला. जहाजाचा भोंगा एकदा वाजून गेला होता.

"मंडळी, शहर संपलं," एकाक्ष म्हणाला. "शेवटची हजेरी घेतो आणि आपल्याला निरोप देतो."

नावं होत गेली. एकेक जण फळीवरून जहाजात गेला.

"हिरामण!"

या वेळी गेनू लपला नव्हता. समोरच उभा होता.  

"हिरामण!"

"नाही," गेनू म्हणाला.

"नाही म्हणजे? समोर तर उभे आहात."

"तो आलाच नव्हता. तो वारला. मी गेनू."

एकाक्ष एक उडी मारून पुढं आला. "मग सकाळपासून मी हाका कोणाला मारतोय?"

"त्यालाच," गेनू म्हणाला.

एकाक्षनं मान मागं वळवली, चोचीनं शेपटीची झेंडी सोडली आणि खाली ठेवली.

"सहल संपली," तो म्हणाला. "आता मी ड्यूटीवर नाही. ठेवा ते इथं."

धक्क्याच्या कडेला एक दगड होता. गेनूनं त्याच्यावर पान सोडलं. भात सुकला होता, एका बाजूनं चेपला होता, पण होता. एकाक्ष उडी मारून जवळ आला. एका डोळ्यानं पिंडाकडं पाहिलं. दुसऱ्या डोळ्यानं पाहिलं. आणि बसून राहिला.

"शिवा की!"

"येत नाही," एकाक्ष म्हणाला. त्यालाही नवल वाटलं असावं. "भूक आहे. पण चोच पुढं जात नाही."

भोंगा दुसऱ्यांदा वाजला.

फळीवर चढलेली मावशी परत खाली आली. "बोला काहीतरी त्यांच्याशी," ती कुजबुजली. "फार छान होतं म्हणा. तसंच म्हणतात."

गेनू 'फार छान होतं' म्हणणारच होता. शब्द जिभेवर आलेही होते. पण तेवढ्यात तो थांबला. मुलांनो, गेनूनं जन्मात पहिल्यांदा आधी विचार केला. आणि मग बोलला.

"दादा, काही नव्हतं रे. हत्तीचं डोकं होतं. त्याच्यावर माशी होती. बाकी सगळं उजवीकडं नाहीतर डावीकडं होतं. तू असतास तरी तुला तेवढंच दिसलं असतं, तुला तरी कुठं मान होती? एक झाड होतं. त्याला हात लावू देत नाहीत. आपल्याकडं त्याहून बरी आहेत, आणि तू त्यांची मुळं खाल्लीस. एक दुकान होतं. बस. या वेळी मी आधी बघून आलो, दादा. तुझी खेप वाचली."

त्यानं नाक पुसलं.

"तिकडचं आता तू बघून ठेव. पण चांगलं असलं तरी इतक्यात बोलावू नकोस. आई एकटी आहे."

एकाक्ष शिवला.

नुसता शिवला नाही, अख्खा पिंड खाल्ला, पानही टोचून बघितलं. आता कोणी म्हणेल, दिवसभर बोलून बोलून उपाशी होता, म्हणून शिवला. म्हणू द्या. म्हणणाऱ्यांचा भाऊ जिवंत असेल.

गेनू फळीवर चढला. कासवानं विचारलं, "नाव?" तो म्हणाला, "गेनू." "तिकिटावर हिरामण आहे." "तो पोचला," गेनू म्हणाला. कासवानं फार चौकशी केली नाही. भोंगा तिसऱ्यांदा वाजत होता.

मावशी अजून धक्क्यावरच होती. तिनं डब्याचं झाकण उघडलं. दहीभात दगडावर काढला. इकडं तिकडं बघितलं आणि हळू आवाजात म्हणाली, "अहो, ऐकलंत का? समुद्र म्हणजे नुसतं पाणी होतं. खारट. बसायला जागा नव्हती, आणि चहा तर तुम्ही थुंकला असता."

एकाक्षनं दहीभाताकडं मान वळवली.

जहाज जंगलाशी आलं तेव्हा आई काठावरच उभी होती. ती तिथून हलली होती की नाही, कोण जाणे. गेनू उतरला. त्याचे पाय रिकामे होते, हे तिला लांबूनच दिसलं. तरी तिनं विचारलं.

"वाटेत खाल्लास?"

"नाही गं. शिवला."

"खरा?"

"खरा. काळा कुळकुळीत. अख्खा खाल्ला त्यानं."

आई चालू लागली. चार पावलं गेल्यावर पुढं बघतच म्हणाली, "कसं होतं रे त्याचं शहर?"

गेनू तिच्या पुढं गेला. मग अख्खं अंग मागं वळवून म्हणाला,

"नको गं. कडू आहे."

आईनं मान हलवली असती, पण तिलाही मान नव्हती. ती घरी गेली. दहाव्यापासून झाकून ठेवलेलं ताट तिनं उघडलं. आणि जेवली.

तात्पर्य: स्थलदर्शनाच्या सहलीनं मृतात्म्यास शांती लाभते. मात्र सहल पुरेशी वाईट असली पाहिजे.